कोरियन पुराणकथा आणि पूर्व आशियातल्या लोककथा: सुरुवात कुठून करू? (सल्ला हवा आहे)

गोधडी

नमस्कार मंडळी,

आमच्या वाचनालयात शनिवारी दुपारी मी मुलांसाठी गोष्टींचा तास घेते. दुसरीतल्या चिल्ल्यापिल्ल्यांपासून नववीतल्या मुलींपर्यंत सगळी एकाच सतरंजीवर. पंचतंत्र, बिरबल, अरेबियन नाइट्स, ग्रीक देवांची भांडणं, सगळं सांगून झालंय. 'केपॉप डीमन हंटर्स' हा सिनेमा आल्यापासून मोठ्या मुली हात धुऊन मागे लागल्यात. त्यातला निळा वाघ कुठला? त्याच्याबरोबरचा टोपीवाला पक्षी कोण? काळ्या टोप्या घातलेले ते पोरगे खरंच कोरियाच्या पुराणात आहेत का?

मी शोधायला बसले तर दोनच प्रकार हाती लागतात. एक म्हणजे 'कोरियातली दहा भयानक भुतं' छापाचे व्हिडिओ, दुसरे प्राध्यापकांनी प्राध्यापकांसाठी लिहिलेले लेख. मधलं काही हवंय. पहिलं पुस्तक कुठलं घ्यावं? मुलांना सांगता येतील अशा गोष्टी कुठल्या? चीन आणि जपानच्या गोष्टी सोबत घ्याव्यात की वेगळ्या ठेवाव्यात? इंग्रजी चालेल, कोरियन अजिबात येत नाही. खर्च वाचनालयाचा आहे, म्हणजे फुकट असेल तर सोन्याहून पिवळं.

---

चिंचोके

रुमाल टाकून ठेवतोय. जाणकार येतीलच.

---

दख्खनी

गोधडीताई, पहिलं पुस्तक म्हणून बहुतेक जण तुम्हाला 'सामगुक युसा' सांगतील. सांगू देत. तुम्ही मात्र तिथून सुरुवात करू नका.

'सामगुक युसा' म्हणजे इर्यॉन नावाच्या बौद्ध भिक्षूने १२८०च्या दशकात जमवलेलं जुन्या कथा-दंतकथांचं बाड. तेव्हा कोरिया मंगोलांच्या टाचेखाली होता, आणि आपलं मूळ किती जुनं आहे ते लिहून ठेवायची निकड त्यातून आली असावी, असं पुष्कळ अभ्यासक मानतात. दानगुनची प्रसिद्ध कथा आपल्याला सर्वांत आधी सापडते ती यातच. स्वर्गाच्या राजाचा मुलगा ह्वानुंग तीन हजार अनुयायी घेऊन डोंगरावरच्या एका पवित्र झाडाखाली उतरतो. वारा, पाऊस आणि ढग यांचे कारभारी त्याच्यासोबत असतात. एक वाघ आणि एक अस्वल त्याच्याकडे येऊन 'आम्हाला माणूस कर' म्हणतात. तो त्यांना एक दवण्यासारखी कडू वनस्पती आणि लसणाच्या वीस पाकळ्या देतो. हे खाऊन शंभर दिवस ऊन बघायचं नाही, गुहेत राहायचं. वाघ कंटाळून पळतो. अस्वल टिकून राहतं आणि एकविसाव्या दिवशीच बाई होतं. तिचा आणि ह्वानुंगचा मुलगा दानगुन, कोरियाचा पहिला राजा. परंपरेने राज्यस्थापनेचं साल इ.स.पू. २३३३ धरतात आणि ३ ऑक्टोबरला दक्षिण कोरियात त्यानिमित्त सरकारी सुट्टी असते.

ही गोष्ट सांगाच, पाच मिनिटांत होते. पण त्यापुढे त्या ग्रंथात राजांच्या जन्मकथा एकामागून एक येतात आणि बहुतेक राजे अंड्यातून निघतात. (गोगुर्यॉ, शिला, गाया ही कोरियातली जुनी राज्यं.) गोगुर्यॉचा जुमोंग अंड्यातून, शिलाचा पहिला राजा अंड्यातून, गायाच्या बाबतीत तर आकाशातून सोन्याची पेटीच उतरते आणि तिच्यात सहा अंडी. तिसऱ्या अंड्याला तुमची पोरं हसायला लागतील.

माझं मत विचाराल तर कोरियाच्या पुराणकथा ग्रंथांपेक्षा गाण्यात जास्त जिवंत आहेत. मुदांग म्हणून तिथे अंगात येणाऱ्या, देवांशी बोलणाऱ्या बायका असतात (पुरुषही असतात, पण कमी). त्या 'गुत' नावाचा विधी करतात आणि त्यात देवांच्या जन्माच्या लांबलचक कथा गातात. दरबारातल्या कन्फ्यूशियन पंडितांनी शेकडो वर्षं या बायकांना हिणवलं, शहराबाहेर ठेवलं. तरी कथा टिकल्या, कारण मेलेल्या माणसाला वाट दाखवायला घरच्यांना शेवटी मुदांगच लागायची.

त्यातली राणी म्हणजे बारी. ओगू राजाला ज्योतिषी सांगतो, यंदा लग्न करू नको, केलंस तर सात मुली होतील. राजा ऐकत नाही. सहा मुली होतात, सातवीही मुलगीच. राजा संतापून तिला पेटीत घालून पाण्यात सोडतो. एक म्हातारं जोडपं तिला वाढवतं. पुढे राजा-राणी असाध्य आजाराने अंथरुणाला खिळतात आणि कळतं की औषध आहे ते परलोकातल्या झऱ्याचं पाणी. वाड्यात वाढलेल्या सहाही जणी एकेक सबब सांगून मागे सरतात. मग टाकून दिलेली सातवी निघते. परलोकात झऱ्याचा राखणदार किंमत मागतो: तीन वर्षं पाणी भर, तीन वर्षं चूल सांभाळ, तीन वर्षं लाकडं तोड, आणि मला सात मुलगे दे. ती सगळं करते. पाणी आणि जिवंत करणारी फुलं घेऊन परत येते तो आईबापांची अंत्ययात्रा निघालेली. ती तिरडी थांबवते, दोघांना उठवते. राजा अर्धं राज्य देऊ करतो. ती नको म्हणते आणि मेलेल्यांना पैलतीरी नेणारी देवी होते. सोलच्या बाजूला मृतांसाठीच्या गुतमध्ये हे आजही गातात. गावोगावी तपशील बदलतात, ते चालायचंच.

पुस्तकांचं म्हणाल तर झोंग इन-सोब यांचा १९५२चा 'फोक टेल्स फ्रॉम कोरिया' हा संग्रह जुना असला तरी मला सर्वांत विश्वासू वाटतो. गोष्ट कुणी सांगितली, कुठे ऐकली हे त्यांनी लिहून ठेवलंय. फुकटातलं हवं असेल तर जेम्स गेल या कॅनेडियन मिशनऱ्याने १९१३ साली केलेलं भाषांतर प्रोजेक्ट गुटेनबर्गवर आहे. मात्र त्यातल्या गोष्टी मूळच्या जुन्या दरबारी लेखकांच्या, भुताखेतांच्या, मोठ्यांसाठीच्या. सतरंजीवर सांगायच्या नाहीत.

---

हान_नदीकाठी

कामानिमित्त सोलच्या दक्षिणेला सॉंगनाममध्ये राहतो, म्हणून थोडी भर.

वाघ आणि पक्षी: जोसॉन या कोरियाच्या शेवटच्या राजघराण्याच्या काळाच्या उत्तरार्धात सामान्य लोकांच्या घरात लावायची चित्रं निघाली, त्यातला हा सगळ्यांत लाडका विषय. पाइनचं झाड, वर मॅगपाय पक्षी, खाली वाघ. नव्या वर्षाला दारावर लावायचे. पक्षी चांगली बातमी आणतो, वाघ अरिष्ट अडवतो. गंमत म्हणजे वाघ मुद्दाम बावळट काढलेला असतो, डोळे फिरलेले, तोंड वासलेलं. वाघ म्हणजे अंमलदार आणि पक्षी म्हणजे रयत, अशी त्याची थट्टेखोर फोड बरेच जण करतात. सिनेमातल्या पक्ष्याच्या डोक्यावरची ती टोपी म्हणजे 'गात', जुन्या काळी पुरुष घालत ती घोड्याच्या केसांची काळी टोपी.

काळ्या टोपीवाले पोरगे: ते यमदूत, जॉसुंग साजा. पुराणात आहेत, पण पांढरा चेहरा, काळे कपडे, काळी टोपी हे रूप जुनं नाही. १९७०-८०च्या दशकात इथे टीव्हीवर दंतकथांची एक मालिका फार गाजली, तिने हे रूप घराघरात पोचवलं. जुन्या बौद्ध चित्रांत यमदूत चांगले रंगीबेरंगी आहेत.

आणि यमाच्या दरबाराचा मुख्य यॉम्रा म्हणजे आपलाच यमराज बरं का. बौद्ध धर्माबरोबर चीनमार्गे इकडे आला.

माझ्या घराजवळून तानचॉन नावाचा ओढा वाहतो, पुढे हान नदीला मिळतो. संध्याकाळी सगळी आयटीतली मंडळी त्याच्या काठाने पळत असतात. त्याची दंतकथा अशी: दोंगबांगसाक नावाचा एक इसम साठ वर्षांची तीन हजार चक्रं जगला, म्हणजे एक लाख ऐंशी हजार वर्षं. दर वेळी यमदूताला चकवायचा. शेवटी यमदूत या ओढ्यावर येऊन कोळसा धुवत बसला. येणाऱ्या-जाणाऱ्याने विचारलं तर म्हणायचा, पांढरा करतोय. एक दिवस एक म्हातारा थांबला आणि हसून म्हणाला, 'एवढी तीन हजार चक्रं जगलो, पण कोळसा धुऊन पांढरा करणारा वेडा पहिल्यांदा पाहिला.' लागला की गळाला! ही गोष्ट लहान मुलांना हमखास आवडते, स्वतः सांगून पाहिलीय.

---

बाभूळबन

अयोध्येची राजकन्या कोरियाची राणी झाली होती ना? तिची गोष्ट सांगा की पोरांना. आपलीच लेक. (काडी टाकून पळतो.)

---

दख्खनी

@बाभूळबन, पळू नका, बसा.

ती कथा 'सामगुक युसा'तच आहे. इ.स. ४८ मध्ये हॉ ह्वांग-ओक ही सोळा वर्षांची राजकन्या 'आयुता' देशाहून जहाजाने आली आणि गायाच्या किम सुरो राजाशी तिचं लग्न झालं. किम सुरो म्हणजे वरच्या सहा अंड्यांतला पहिला. बुसानजवळ गिम्हे इथे दोघांच्या समाध्या आहेत, आणि वादळ शांत करायला तिने जहाजात आणला असं सांगतात तो दगडी स्तूपही आहे. गिम्हेचे किम आणि हॉ ही कुळं स्वतःला तिची लेकरं मानतात आणि परंपरेने आपसांत सोयरीक करत नाहीत. २००१ साली अयोध्येत शरयूकाठी तिचं स्मारकही झालं.

आता इतिहास म्हणून बघायचं तर अडचणी आहेत. प्रसंग पहिल्या शतकातला, नोंद तेराव्या शतकातली. त्या काळात अयोध्येचं प्रचलित नाव साकेत होतं. बौद्ध धर्म पक्का रुजल्यावर कुळाचं नातं बुद्धाच्या देशाशी जोडण्याचा मोह समजण्यासारखा आहे. तेव्हा गोष्ट म्हणून जरूर सांगा, 'आपण तिथे राज्य केलं' असं सांगू नका.

---

शाळामास्तर

'आपलं' काय पोचलं हे दाखवायचंच असेल तर राजकन्या कशाला, माकड दाखवा. पंचतंत्राच्या चौथ्या तंत्रात, लब्धप्रणाशात, माकड आणि मगर आहेत. मगरीच्या बायकोला माकडाचं काळीज हवं, आणि भर पाण्यात माकड म्हणतं, 'अरेरे, काळीज तर झाडावरच राहिलं!' हीच गोष्ट जातककथांमधून बौद्ध भिक्षूंबरोबर चीनला गेली आणि तिथून पुढे. कोरियात माकडं नाहीत, म्हणून तिथे तो ससा झाला आणि मगरीचं कासव झालं. समुद्राचा नागराजा आजारी, त्याला सशाचं यकृत हवं. कासव सशाला फसवून पाण्याखाली नेतं. ससा म्हणतो, 'आमच्यात यकृत कधीमधी धुऊन वाळत घालतात, ते डोंगरावरच आहे.'

ती तिथे किती जुनी आहे बघा. ११४५ साली लिहिलेल्या 'सामगुक सागी' या इतिहासग्रंथात नोंद आहे: ६४२ साली शिलाचा किम चुनचू शेजारच्या गोगुर्यॉकडे सैन्याची मदत मागायला गेला आणि कैदेत पडला. तिथल्या एका दरबाऱ्याने त्याला दारू पिता पिता ही ससा-कासवाची गोष्ट ऐकवली. त्याला इशारा कळला. 'तुमचा मुलूख परत देतो' असं वचन देऊन तो सुटला आणि सीमा ओलांडल्यावर हात झटकले. पुढे शिलाचा राजा झाला. म्हणजे आपल्या माकडाच्या युक्तीवर एक राजकारणी तुरुंगातून बाहेर पडला!

पुढे याच गोष्टीवर 'सुगुंगगा' ही पानसोरी झाली. पानसोरी म्हणजे एक गायक, एक ढोलकीवाला आणि कित्येक तास चालणारं आख्यान. सुगुंगगाचे तुकडे यूट्यूबवर मिळतील. मुलांना आधी पंचतंत्रातली गोष्ट आठवायला लावा, मग हे ऐकवा. शब्द कळणार नाहीत, पण ससा कुठे घाबरला ते कळेल.

---

मालिकावेडी

मी पुस्तकवाली नाही, मालिकावाली. तरी माझे दोन आणे.

गुमीहो (नऊ शेपट्यांची कोल्ही) आणि दोक्केबी यांच्यावरच्या मालिका बघून कुणी लोककथेचा अंदाज बांधू नये. २०१६च्या 'गॉब्लिन'मधला नायक उंच, देखणा, छातीत तलवार रुतलेला, शतकानुशतकं झुरणारा. लोककथेतला दोक्केबी म्हणजे माणसाच्या हातचा झिजलेला झाडू किंवा मुसळ, रात्री जिवंत होणारं. रस्त्यात वाटसरूला अडवून कुस्ती खेळायला लावतं. सकाळी बघावं तर माणूस झाडूला मिठी मारून पडलेला! त्याला कुट्टूच्या पिठाची खांडवी... नाही, तिथे जेलीसारखं करतात ते फार आवडतं. विसराळूही आहे. उसने घेतलेले पैसे फेडतो आणि फेडलेत हे विसरून रोज फेडत राहतो. असा सावकाराला मिळावा ऋणको!

सिनेमा एकच सुचवते, 'अलाँग विथ द गॉड्स' (२०१७). मेलेल्या माणसाची ४९ दिवसांत सात न्यायालयांत सुनावणी. रडारड बरीच आहे, पण त्यातला मुख्य यमदूत गांगनिम हा खरोखर जेजू बेटाच्या गाण्यातला आहे.

---

चिंचोके

+१ झाडूला.

---

हान_नदीकाठी

गांगनिमचं नाव निघालं म्हणून राहवत नाही. कोरियन पुराणांचा खजिना कुठे असेल तर जेजूवर. मुख्य भूमीवर जे पुसलं गेलं ते तिथे बरंच राहिलं. तिथे देवांच्या कथागीतांना 'बोनपुरी' म्हणतात, आणि बेटावर अठरा हजार देव आहेत असं बेटकरी सांगतात. वसंताच्या तोंडावर वाऱ्याच्या देवीला, यॉन्गदुंग आजीला, बोलावून निरोप देण्याचा गुत असतो. त्यातल्या चिलमॉरीदांगच्या गुताला २००९ मध्ये युनेस्कोच्या यादीत स्थान मिळालं. समुद्रात बुडी मारून शिंपले काढणाऱ्या हेन्यॉ बायका त्यात पुढे असतात.

गांगनिमची गोष्ट अशी. एका अवघड खटल्याचा निकाल लागेना म्हणून तिथला अंमलदार आपल्या शिपायाला, गांगनिमला, हुकूम सोडतो: जा, यमराजालाच पकडून आण. बायकोच्या आणि घरातल्या देवांच्या मदतीने तो खरंच आणतो. यमराज खूश होऊन म्हणतो, असा माणूस मला हवा. घेतो त्याचा जीव आणि करतो त्याला यमदूत. मग एकदा गांगनिम मरणाऱ्यांची यादी कावळ्याच्या हाती पाठवतो. म्हाताऱ्यांना आधी, तरण्यांना नंतर, असा नीट क्रम लावलेला असतो. कावळा वाटेत मांसाच्या लोभाने थांबतो, यादी हरवते, आणि तो मनाला येईल ते ओरडून सांगतो. तेव्हापासून मरणाला वयाचा क्रम राहिला नाही. कावळा तिथेही बदनाम.

लहानांसाठी सॉलमुन्दे आजी. ही राक्षसी आकाराची बाई. घाघऱ्यात माती भरभरून आणली आणि मधला हाल्ला डोंगर रचला. घाघऱ्याच्या भोकांतून माती गळली, ते बेटावरचे साडेतीनशेच्या वर छोटे डोंगर. ती लोकांना म्हणाली, मला रेशमाची चड्डी शिवून द्या, मी मुख्य भूमीपर्यंत पूल बांधते. शंभर ठाणं लागणार होती. लोकांनी सगळं बेट पालथं घातलं, नव्व्याण्णवच निघाली. म्हणून जेजूला आजही विमानाने किंवा बोटीने जावं लागतं.

कोरियाच्या राष्ट्रीय लोकसंग्रहालयाने कोरियन लोकसाहित्याचा कोश इंग्रजीत काढलाय, जाळ्यावर फुकट वाचता येतो. एकेका गोष्टीवर सुटसुटीत नोंद: कथा, तिची रूपं, कुठे सांगतात. वाचनालयाला एक पैसा खर्च नाही. माझ्या मते ताईंनी हाच कोश उघडून बसावं, पुस्तकं मागाहून.

---

मोगरा_८

पुण्यात जपानी शिकवते, तेव्हा चीन-जपानच्या प्रश्नाला हात घालते. सोबत घ्या, पण खिचडी करू नका.

उदाहरण कोल्हीचंच. चिनी 'शानहाइजिंग' या प्राचीन ग्रंथात नऊ शेपट्यांची कोल्ही आहे. माणसं खाते, पण जो तिला खाईल त्याला जादूटोणा बाधत नाही. तिथून पुढे चीनमध्ये पू सोंगलिंगच्या सतराव्या-अठराव्या शतकातल्या कथांत कोल्ह्या गरीब विद्यार्थ्यांच्या प्रेमात पडतात, त्यांचा संसार सावरतात, कित्येकदा माणसांहून भल्या निघतात. जपानमध्ये कोल्हे इनारी या धान्यदेवतेचे दूत, देवळाच्या दारात लाल गळपट्टी बांधून बसलेले. आणि कोरियात गुमीहो बहुतेक कथांत नुसती यकृत खाणारी. एकच प्राणी तीन देशांत तीन स्वभावांचा. मुलांना तिन्ही सांगा आणि विचारा, तुम्हाला कुठली भेटलेली चालेल?

जपानचं वाचायचं तर 'कोजिकी' (इ.स. ७१२) हे मूळ, पण सुरुवातीला देवांच्या नावांच्या याद्या घाम फोडतात. १८८२च्या इंग्रजी भाषांतरात चेंबरलेनसाहेबांनी चावट भाग लॅटिनमध्ये लिहून ठेवलेत, ते बघायला मजा येते. तुमच्यासाठी यानागिता कुनिओ यांचं 'तोनो मोनोगातारी' (१९१०) उत्तम. इवाते भागातल्या एका दरीतल्या ऐकीव गोष्टी, काही तर चार ओळींच्या: काकडी आवडणारे नदीतले काप्पा, घरात राहून घराची भरभराट करणारी लहान मुलं. लाफकादिओ हर्नचं 'क्वायदान' (१९०४) फुकट मिळतं. त्यातली कान गमावलेल्या आंधळ्या बिवावादकाची (बिवा म्हणजे वीणेसारखं तंतुवाद्य) गोष्ट मोठ्या मुलींना अंधार करून सांगा.

चीनमधून पांढऱ्या सापिणीची कथा घ्या. हांगझौच्या पश्चिम सरोवराकाठी सापीण बाईचं रूप घेऊन औषधवाल्याशी संसार थाटते आणि एक भिक्षू तिला लेइफंग पॅगोडाखाली गाडतो. तो पॅगोडा १९२४ साली खरोखरच कोसळला. लोक त्याच्या विटा नशिबाच्या म्हणून काढून नेत होते, त्याने पाया पोकळ झाला होता. तेव्हा 'सुटली बाई एकदाची' म्हणणारे पुष्कळ होते. २००२ मध्ये तो पुन्हा बांधलाय.

अवांतर: 'पश्चिमेची यात्रा' या जुन्या चिनी कादंबरीतला माकडराजा सुन वुकोंग ज्या भिक्षूला घेऊन भारतात येतो तो शुआनझांग खराखुरा इसवी ६४१च्या सुमारास पुलकेशीच्या महाराष्ट्रात येऊन गेला. इथली माणसं उपकार विसरत नाहीत आणि अपमानही विसरत नाहीत, असं काहीसं लिहून गेलाय. बदललो नाही म्हणायचं.

---

गोधडी

बापरे, केवढं दिलंत! कोश उघडून बसले तर दुपार कधी सरली कळलं नाही. दारदेव आणि चूलदेवीची जेजूची गोष्ट सापडली: सवत आईला तलावात बुडवते, सातवा मुलगा तिला उघडं पाडतो. शेवटी आई चुलीची देवी होते आणि सवत संडासाची, म्हणून स्वयंपाकघर आणि संडास लांब असावेत! लहानांची सोय झाली.

आता अडलंय ते बारीपाशी. मी साताऱ्याकडची. आमच्याकडे 'नकुशा' नावाच्या मुली होत्या. २०११ साली जिल्ह्यात सरकारी कार्यक्रम करून त्यांची नावं बदलली, पेपरातही आलं होतं. आमच्या सतरंजीवर बसणाऱ्या एकीची आई त्यांतलीच आहे. मुलगी झाली म्हणून बापाने टाकून दिलं, आणि तरी तिनेच जाऊन बापाला वाचवलं, ही गोष्ट सांगताना माझा आवाज कसा लागेल? 'टाकलं तरी सेवा करा' असा अर्थ निघायला नको. सांगू की नको?

---

शाळामास्तर

सध्या नको, असं माझं मत. आधी जाचॉंगबी सांगा, तीही जेजूचीच. मुलगा बनून शिकायला जाते, स्वर्गातल्या पोराच्या प्रेमात पडते, निखाऱ्यांवर टांगलेल्या तलवारीच्या धारेवरून चालून दाखवते, बंड मोडते, आणि बक्षीस म्हणून राज्य न मागता पाच धान्यांची बी-बियाणं मागते. कुट्टूचं बी विसरते म्हणून परत जाऊन आणते, त्यामुळे कुट्टूची पेरणी उशिरा. शेतकऱ्यांच्या पोरांना ही चटकन कळेल.

---

दख्खनी

मास्तर, मला नाही पटत. जाचॉंगबी सांगाच, पण बारी टाळू नका. हे गाणं बायकांनी बायकांसाठी शेकडो वर्षं राखलं, ते बापाची सेवा करा हे शिकवायला असतं तर दरबारी पंडितांनीच ते उचलून धरलं असतं. शेवट नीट बघा. बाप अर्धं राज्य देतो, ती घेत नाही. ती त्याच्या घरी परत राहायला जात नाही. तिला स्वतःचं काम आणि स्वतःचा अधिकार मिळतो, आणि यापुढे प्रत्येक मेलेल्याला, राजाला सुद्धा, तिच्याच मागून चालावं लागतं. सांगताना त्या शेवटाला वेळ द्या. सात मुलग्यांचा भाग लहानांसमोर गाळा.

---

मोगरा_८

दख्खनीकाकांशी सहमत. फक्त ताई, आधी त्या मुलीच्या आईशी बोलून घ्या. त्यांना स्वतःला ऐकायला यायचं असेल कदाचित.

---

मालिकावेडी

आणि वाघाने आईला खाल्लेली, भावंडांचे सूर्य-चंद्र होतात ती गोष्टही घ्या! 'एक मोदक दे, नाहीतर खातो' असं वाघ दर टेकडीवर म्हणतो (मोदक नाही, तांदळाचा वाफवलेला लाडू, पण मुलांना मोदकच कळणार). पोरं झाडावर चढतात, वाघ विचारतो कसे चढलात, भाऊ सांगतो झाडाला तिळाचं तेल लावून. वाघ घसरून आपटतो. मग धाकटी बोलून जाते, कुऱ्हाडीने खाचा पाडाव्यात. आकाशातून पोरांना चांगला दोर येतो, वाघाला कुजका. तो ज्वारीच्या जातीच्या पिकात पडतो, म्हणून त्या पिकाची धाटं लाल. बहिणीला रात्री भीती वाटते म्हणून ती सूर्य होते, भाऊ चंद्र.

---

गोधडी

मोगराताई, हे सुचलंच नव्हतं. त्यांना उद्याच विचारते. त्या हो म्हणाल्या तर बारी पुढच्या महिन्यात, मोठ्या मुलींना वेगळं बसवून. या शनिवारी कोळसा धुणारा यमदूत, मग वाघाची गोष्ट. आई खाल्ल्याचा भाग दुसरीतल्यांना कसा सांगायचा ते कुणीतरी सांगा, प्लीज.

---

शाळामास्तर

न वगळता, भराभर. 'मोदक संपले, मग आईही संपली' आणि लगेच दारावर टकटक. लहान मुलं तिथे थांबत नाहीत, त्यांना दार कोण उघडतं ते हवं असतं. आपणच थांबतो.